उलटघटी : काळ थांबवणाऱ्या वाटीच्या कामाच्या नोंदी

आमच्या गावच्या (फोंडा तालुका, गोवा) जत्रेच्या नाटकात यंदा एक जादूची वाटी आहे. मास्तरांनी स्वतः लिहिलेलं नाटक. राजाचं आयुष्य एका घटीएवढं उरलेलं असतं. वाटी पाण्यात बुडाली की तो मेला. राणी ती वाटी मध्येच थांबवते, म्हणजे काळच थांबवते, आणि तिसऱ्या अंकात काळ उलटा फिरतो, बुडालेली वाटी परत वर येते. वाटीचं नाव उलटघटी. ती करायचं काम माझ्यावर आलं, कारण मी इलेक्ट्रिशियन, आणि 'तुला येतं ते सगळं.' दुसऱ्या कुठल्या गावात कुणाला असलं काही करायचं असेल तर माझे अडीच महिने आणि पैसे त्याचे तरी वाचावेत, म्हणून या नोंदी.

९ ऑक्टोबर

पहिली बैठक. दिग्दर्शक म्हणाला, थर्माकोलची कर, सोनेरी रंग दे, बुडल्याचा अभिनय करू. मी नको म्हटलं. पहिल्या रांगेत पोरं बसतात, त्यांना थर्माकोल तरंगतो हे माहीत असतं.

मास्तरांनी खरं घटिकापात्र कसं असतं ते सांगितलं. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, स्वच्छ पाण्यावर सोडायची. भोकातून पाणी आत येतं आणि ठरलेल्या वेळात ती बुडते. सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथात म्हटलंय की ती दिवसरात्रीत ६० वेळा बुडावी. म्हणजे एक घटी २४ मिनिटांची. ६० पळांची एक घटी, दोन घटींचा मुहूर्त. वाटी बुडाली की जवळ बसलेला माणूस पितळेच्या थाळीवर टोला द्यायचा. त्या थाळीला तास म्हणत, आणि आपण आज 'तासभर' म्हणतो तो शब्द तिथूनच आलेला.

मग त्यांनी लीलावतीची गोष्टही सांगितली. मुलीच्या लग्नाची घटिका साधायला भास्कराचार्यांनी वाटी लावली, ती वाकून बघायला गेली, दागिन्यातला मोती आत पडला, भोक बुजलं आणि मुहूर्त टळला. भास्कराचार्यांच्या स्वतःच्या ग्रंथात ही गोष्ट नाही, अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ साली केलेल्या फारसी भाषांतरात आहे, असंही ते म्हणाले. मी मान डोलावली आणि विसरून गेलो. हे विसरणं मला पाच आठवड्यांना पडलं, म्हणून ते इथे आधीच लिहून ठेवतो.

संहितेप्रमाणे वाटीची कामं तीन. एक, तीन मिनिटं दहा सेकंदांत बुडणं, कारण राजाचं स्वगत तेवढं आहे. दोन, मध्येच थांबून ४० सेकंद तशीच राहणं. तीन, तळातून वर येणं.

१३ ऑक्टोबर

घरातली स्टीलची वाटी घेतली, खिळ्याने भोक पाडलं, बादलीत सोडली. अर्धी भरली आणि एका कुशीवर कलंडून गटकन बुडाली. पाच वेळा केलं, पाचही वेळा तेच. बूड सपाट असलं की आतलं पाणी जरा कललं तरी सगळं त्या बाजूला धावतं आणि वाटीला घेऊन जातं. गोल बुडाची, खाली जड असलेली वाटी हवी. आईने स्टीलची वाटी परत मागितली. भोक बघून काही बोलली नाही. तेच जास्त वाईट.

१८ ऑक्टोबर

शुक्रवार, म्हापशाचा बाजार. तांब्याचे लोटे आणि तांब्ये भरपूर, पण सगळे पातळ पत्र्याचे आणि गळ्याला अरुंद. दोन तास फिरलो, बिमलीच्या (आंबट फळ) लोणच्याची बरणी घेऊन परत. पेट्रोल गेलं.

२० ऑक्टोबर

डिचोलीला गेलो. समया, पितळेची भांडी करणारे कासार तिथे आहेत. कासारमामांना कागदावर चित्र काढून दाखवलं : अर्धा गोल, तोंड १४ सेंटिमीटर, खोली ७. त्यांनी चित्र बाजूला ठेवलं आणि विचारलं, 'किती जड?' मला उत्तर देता आलं नाही. जड वाटी पाण्यात जास्त बसते, मग पाणी जोराने आत येतं, म्हणून वजन आधी ठरवायला हवं. त्यांनीच ठरवलं. मी विचारलं, दोन दिवसांत मिळेल? म्हणाले, 'घाय कित्याक?' (घाई कशाला?)

२६ ऑक्टोबर

वाटी आली. २३८ ग्रॅम, ठोक्यांचे बारीक खळगे अंगभर, कडेला एक घडी. तांबं आणि मजुरी मिळून ९५० रुपये.

मला लागणार होती तीन मिनिटांची, पण एकदा तरी खरी घटी बघायची होती. जुन्या ग्रंथांत सोन्याच्या सुईने भोक पाडायला सांगितलंय. मी १ मिलिमीटरचा ड्रिल बिट वापरला. अंगणात टब, आबा खुर्ची घेऊन शेजारी. २७ मिनिटं १० सेकंद. पहिल्या दोन प्रयत्नांत तर पाणी आतच येईना, भोकाच्या तोंडाशी थेंब धरून राहिलं होतं. वाटीला कासाराकडचं तेल लागलेलं होतं. बिमली चोळून, राख लावून धुतली. दुसऱ्या दिवशी २५ मिनिटं ५ सेकंद.

आबा दोन्ही दिवस पूर्ण वेळ बसून होते. त्यांना फोनवर सात मिनिटांचं कीर्तन बघायला सांगितलं तर कंटाळतात. वाटी बुडताना शेवटी काय होतं ते सांगण्यासारखं आहे : बराच वेळ काहीच घडत नाही, मग कड पाण्याला लागते, क्षणभर पाण्याची पातळ कातडी कडेवर धरून राहते, आणि मग एकदम नाही. आबा म्हणाले, 'बुडली मरे!'

२८ ऑक्टोबर : मोठी चूक

भोकाचा व्यास दुप्पट केला की वेळ चौथ्या हिश्श्यावर येतो, हे मला येत होतं. १ मिलिमीटरला २५ मिनिटं, म्हणजे ३ मिलिमीटरला पावणेतीनच्या आसपास. तीन दहा हवेत, मग थोडं कमी. एवढं येत असूनही मी सरळ ३ चा बिट लावला. हातातलं ड्रिल थरथरलं, भोक फाकलं. दोन मिनिटं पंचवीस सेकंद.

भोक मोठं करता येतं, लहान करता येत नाही. एवढं एक वाक्य ध्यानात ठेवा.

शहाणपण करून सोल्डरिंगच्या तारेने भोक बुजवलं. आतून गाठ आली, वाटी कलंडायला लागली.

३० ऑक्टोबर

नरकचतुर्दशीची आदली रात्र. अख्खं युवक मंडळ नरकासुराच्या पुतळ्याला लागलेलं, तालीम नाही. आमच्या नरकासुराचा हात हलतो, त्यात जुन्या मारुतीची वायपरची मोटर आहे. पहाटे नरकासुर जाळायच्या आधी मोटर काढून घेतली. वाटी वर खेचायला उपयोगी पडेल म्हणून. (पडली नाही.)

१ नोव्हेंबर

दिवाळी. काम बंद. पण आबांना आता घटीचं वेड लागलंय. पंचांग काढून सूर्योदयापासून घटी मोजतात. दुपारी तुळशीवृंदावनाची सावली सगळ्यात आखूड कधी होते ते खडूने आखत बसले. घड्याळात १२ वाजून १८ मिनिटं झाली होती. मला वाटलं चुकले. चुकले नव्हते. भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशावरची, आपण ७४ च्या जवळ, एका अंशाला चार मिनिटं, म्हणजे गोवा सुमारे ३४ मिनिटं मागे. नोव्हेंबरच्या सुरुवातीला सूर्य स्वतःच १६ मिनिटं पुढे असतो. उरली अठरा. मास्तरांनी संहितेत 'सूर्य माथ्यावर, बाराचा ठोका' लिहिलं होतं, ते आबांनी खोडायला लावलं.

३ नोव्हेंबर

वाटी घेऊन पुन्हा डिचोली. कासारमामांनी माझं सोल्डर बघितलं आणि दुकानातल्या सगळ्यांना बोलावून दाखवलं. मग वितळवून काढलं, नीट भरलं, आतून घासून सपाट केलं. १५० रुपये. जाताना म्हणाले, आधी बारीक भोक पाड, मग कानशीने वाढव, आणि प्रत्येक वेळी पाण्यात टाकून बघ.

तसंच केलं. २.५ मिलिमीटरला चार मिनिटं पाच सेकंद. मग बारीक गोल कानस, दोन फेरे, घड्याळ, दोन फेरे, घड्याळ. रात्री साडेअकराला तीन मिनिटं बारा सेकंदांवर थांबलो. भोक २.८ च्या जवळपास झालं असेल. राजाला सांगितलं, दोन सेकंद जास्त श्वास घे.

४ ते ९ नोव्हेंबर : थांबवण्याचा पहिला प्रयोग

इलेक्ट्रिशियनच्या हातात काम असलं की तो वायर ओढतो. दोन सर्व्हो मोटर (सांगू तेवढ्याच कोनात फिरणाऱ्या, ५०० रुपये), कंट्रोलर बोर्ड (४५०), अडॅप्टर (२००). एका मोटरच्या दांडीला रबराचं बूच, ती दांडी टाकीच्या काठावरून आत, रिमोटचं बटण दाबलं की बूच वाटीच्या भोकावर. टाकी मत्स्यालयाची, काचेची, ६० × ३० × ३० सेंटिमीटर, १,४०० रुपये.

टेबलावर उत्तम चाललं. रंगमंचावर तीन गोष्टी झाल्या. वाटी तरंगताना हळूहळू स्वतःभोवती फिरते आणि सरकते, त्यामुळे बूच दहातून सहा वेळा भोकाशेजारी. दुसरं, जोराचा पाऊस, वीज गेली, आली, आणि बोर्ड सुरू होताना मोटरने स्वतःहून एक झटका दिला. राणी अजून विंगेत असताना काळ थांबला. तिसरं सगळ्यात वाईट. काळ थांबल्यावर सगळे पुतळ्यासारखे उभे, पूर्ण शांतता, आणि त्या शांततेत सर्व्होची 'घुंईंई'. माईकने ती चांगली उचलली. तालमीला आलेल्या चार बायका हसल्या. यमदूतही हसला.

११५० रुपये पाण्यात. तेही पाणी न लागता.

१२ नोव्हेंबर : चुंबक

तांब्याला चुंबक लागत नाही, म्हणजे वाटीच्या आत पोलादी गोळी ठेवून टाकीखालून चुंबकाने ती भोकावर आणता येईल, असं डोक्यात आलं. बाजारातून आणलेली स्टेनलेसची गोळी चुंबकाला चिकटेचना. सगळं स्टेनलेस चिकटत नाही, हे मला माहीत असायला हवं होतं. गॅरेजमधून बेअरिंगची ८ मिलिमीटरची गोळी आणली, ती चिकटली. जोरदार चुंबक १८० रुपये.

२० सेंटिमीटर पाण्यातून चुंबकाचा काही उपयोग नाही. जोर अंतराबरोबर फार झपाट्याने मरतो. मग पाणी ९ सेंटिमीटर केलं. आता जोर पोचला. एवढा पोचला की गोळीसकट वाटीच खाली ओढली गेली. राजाला वाचवायचं सोडून दहा सेकंदांत मारला.

वैतागून चुंबक काढून कपाटावर ठेवलं. पाणी वाढवलं, वाटी पुन्हा सोडली, आणि आतली गोळी काढायची विसरलो. चहा पिऊन आलो तर वाटी तशीच तरंगतेय. पाच मिनिटं, दहा मिनिटं. गोल बुडात सगळ्यात खालची जागा भोकाचीच. गोळी आपली आपण तिथे घरंगळून बसली होती.

मोती! मास्तरांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. त्यांना फोन केला. ते म्हणाले, 'मला वाटलं तू तेच करतो आहेस.'

१४ नोव्हेंबर

म्हणजे राणीने नथीतला मोती काढून वाटीत टाकायचा. वायर नाही, मोटर नाही.

पण राणीच्या नथीतला मोती प्लॅस्टिकचा. तो भोकावर बसेना. खालून येणाऱ्या पाण्याने आधणातल्या तांदळासारखा नाचत राहिला. आत येणाऱ्या पाण्याचा जोर फार नसतो, पण प्लॅस्टिक पाण्यात जवळपास बिनवजनाचं. खरा मोती पाण्याच्या अडीच पटीहून जड असतो, तो बसला असता. लीलावतीची गोष्ट खरी असो नसो, यंत्र म्हणून ती चालते. वहिनींकडे खरे मोती आहेत. विचारलं. नाही म्हणाल्या, बरोबरच केलं.

१५ नोव्हेंबर

त्रिपुरारी पौर्णिमा. निम्मी मंडळी साखळी गावाला होड्या बघायला. मी फोंड्याच्या बाजारातून काचेच्या पांढऱ्या मण्यांची माळ आणली, १० मिलिमीटरचे मणी, ६० रुपये. काच पुरेशी जड. मणी बसला, वाटी थांबली.

आणि हळूहळू बुडली. मण्याला दोरा ओवायचं भोक असतं, आणि ते नेमकं उभं बसलं की पाणी मण्यातूनच आत. मेणबत्तीचं मेण भरलं.

काळ पुन्हा सुरू करायला राणीने मोती बाहेर काढायचा, पण राजाच्या दरबारात राणी कोपरापर्यंत हात बुडवून मणी शोधतेय हे बरं दिसत नाही. मी अदृश्य नायलॉनच्या गोष्टी करत होतो. राणीचं काम करणारी बाय म्हणाली, लपवायचं कशाला, काळ्या दोऱ्यात ओवा, गळ्यातून काढून सोडते आणि ओढून घेते. दोरा ओवून दोन्ही तोंडं मेणाने बंद. पंधरा वेळा करून बघितलं, पंधराही वेळा थांबली.

गळ्यातला काळा दोरा काढून नवऱ्याचं मरण थांबवायचं, हे मास्तरांना इतकं आवडलं की त्यांनी त्या जागी अर्धं पान नवीन लिहिलं. राजा कुरकुरला.

२० नोव्हेंबर ते ४ डिसेंबर : वर आणणं

इथे थोडक्यात लिहितो, कारण चुका मूर्खपणाच्या होत्या. मत्स्यालयाच्या हवेच्या पंपाची (३५०) नळी तळाशी ठेवून बुडबुड्यांनी वाटी उचलायची होती. गोल बुडाखाली बुडबुडा थांबत नाही, बाजूने निसटतो आणि जाताना वाटी कलंडवतो. मग वायपरची मोटर आणि दोरी : वाटी पाण्यातून अशी उसळली की पहिल्या विंगेपर्यंत शिंतोडे.

शेवटी कडेला सारख्या अंतरावर तीन बारीक भोकं, गळाची तंगूस (नायलॉनचा दोरा, ७०), वर बांबूला दोन कप्प्या (१२०), आणि ओढणारा प्रॉम्प्टर. त्याचे हात तसेही रिकामे असतात. तिन्ही तंगूस सारख्या लांबीच्या बांधायला दोन संध्याकाळी गेल्या, कारण तंगुशीची गाठ ओली झाली की सरकते. आधी थुंकी लावून गाठ आवळायची, मग टोकाला काडी दाखवायची. हे गळ टाकणाऱ्या कोणत्याही पोराने सांगितलं असतं.

पाण्याखाली भरलेली वाटीही हलकी असते. बाहेर निघाली की आतल्या पाण्यासकट किलोच्या जवळ जाते. प्रॉम्प्टरने पहिल्यांदा नेमकं तिथेच सोडून दिलं.

पण एक गोष्ट आम्ही ठरवलेली नसताना मिळाली. वाटी वर आली की भोकातून धार खाली पडते. आत गेलेलं सगळं पाणी त्याच भोकातून परत. दिग्दर्शकाने मागचे दिवे कमी करून एकच पिवळा दिवा धारेवर सोडला. काळ उलटा गेला हे सांगायला मग संवाद लागलाच नाही. मास्तरांनी नवीन लिहिलेल्या अर्ध्या पानातलं पाव पान इथे कापलं, राजा खूश.

८ डिसेंबर

आवाज. वाटी काचेच्या तळाला टेकते तेव्हा छान 'टण्ण' येतो, पण पाचव्या रांगेपुढे नाही. चाळीस रुपयांची पिझोची चकती (कंप पकडून त्याची वीज करते ती) काचेला बाहेरून चिकटवली, वायर मिक्सरला. आता तो टोला देवळाच्या पायरीपर्यंत. माझ्या धंद्यातली एवढी एकच वस्तू शेवटी नाटकात राहिली.

११ डिसेंबर

रात्री टाकी भरलेली ठेवली. सकाळी आत बेडूक. टाकी रिकामी करून झाकून ठेवत जा. शिवाय ३६ लिटर पाणी म्हणजे ३६ किलो, भरलेली टाकी हलवू नका. दोन अंकांच्या मध्ये जागेवरच बादल्यांनी भरायची, पाणी शांत व्हायला दोन मिनिटं द्यायची.

१७ डिसेंबर

रंगीत तालीम. बुडणं तीन-चौदा, थांबणं बरोबर, धार बरोबर. कुणी हसलं नाही.

२१ डिसेंबर, जत्रा

पालखी फिरून यायला उशीर झाला, नाटक सव्वाबाराला सुरू. खाज्यांची दुकानं उघडीच, समोर माणूस मावत नव्हता.

दुसरा अंक, दोनच्या सुमारास. यमदूत म्हणाला, 'राजा, तुझी घटका भरत आली,' पुजाऱ्याने वाटी पाण्यावर सोडली, राजाचं स्वगत सुरू. मी विंगेत घड्याळ धरून. मिनिट झालं, वाटी कोरडी. दीड मिनिट, कोरडी. मोती अजून राणीच्या गळ्यात, आणि काळ आधीच थांबलेला.

राजाने स्वगत संपवत आणलं, वाटीकडे बघितलं, आणि बिचाऱ्याने ते पुन्हा पहिल्यापासून धरलं. पेटीवाल्याने ओळखलं, खालून सूर भरला, राजाने तेच शब्द आता हळू, आठवत असल्यासारखे म्हटले. मी प्रॉम्प्टरला खूण करत होतो की तंगूस हलव. तो पान शोधत होता.

चौथ्या मिनिटाला वाटीत पाणी दिसलं. मग ती नेहमीसारखी बसत गेली, राणी आली, दोरा काढला, मणी सोडला, वाटी थांबली. ते ४० सेकंद. दीड हजार माणसं असतील, एका पोराचं रडणं सोडलं तर काही नाही. तिसऱ्या अंकात एक तंगूस काठाला अडकून वाटी जरा तिरकी वर आली, धार मात्र सरळ पडली.

कारण पहाटे कळलं. नाटकाआधीच्या रंगपूजेच्या वेळी वाटी पाटावर उपडी ठेवली होती. ज्यांनी पूजा केली त्यांनी सगळ्यात वरच्या जागी, म्हणजे बरोबर भोकावर, गंध लावून अक्षता चिकटवल्या. तीन तासांत गंध वाळून खडा झाला, तो पाण्यात विरघळायला तीन-साडेतीन मिनिटं लागली. पूजा केली ती माझ्या आईने. स्टीलच्या वाटीचा विषय मी काढला नाही.

बऱ्याच लोकांना राजाचं दुसऱ्यांदा आलेलं स्वगत फार आवडलं. दिग्दर्शक आता म्हणतो ते त्याचंच होतं.

२४ डिसेंबर : हिशेब

वाटी दोन्ही खेपा धरून १,१००, टाकी १,४००, मणी ६०, तंगूस ७०, कप्प्या १२०, चकती ४०, ड्रिल बिट आणि कानस २१० : रंगमंचावर जे दिसलं ते ३,००० रुपयांत. सर्व्हो, बोर्ड, अडॅप्टर, चुंबक, पंप : १,६८० फुकट. पेट्रोल ६०० च्या आसपास. संध्याकाळचे दोन तास धरले तर साधारण पस्तीस दिवस, त्यातले निम्मे सर्व्होवर आणि वर आणण्यावर.

पुढच्या गावाने करायचं तर : गोल बुडाची जड वाटी, भोक लहानापासून, जड मणी, मेण, तंगूस. रंगपूजेला वाटी उताणी ठेवा, किंवा पूजेनंतर भोकातून काडी घाला.

टाकीत आता पुतण्याचे गप्पी मासे आहेत. वाटी आबांच्या ताब्यात. तीन मिनिटांची घटी त्यांना मान्य नाही. परवा ते स्वतः बसने डिचोलीला जाऊन आले, भोक बुजवून पुन्हा एक मिलिमीटरचं करून द्या म्हणून. कासारमामांनी पौष संपल्यावर या सांगितलंय.